गंड्याचा गूळ

राजसचा फोन आला तेव्हा मी साताऱ्यात, कॉलेजच्या स्टाफरूममध्ये उत्तरपत्रिका तपासत होते. आईला जाऊन अडीच महिने झाले होते.

"संयोगिताताई, सगळं ठरलंय," तो म्हणाला. "येत्या रविवारी सकाळी अकराला, सांगलीत, आपल्या संगीत मंडळाच्या सभागृहात. बाबा स्वतः विजयमालाबाईंच्या व्हायोलिनला गंडा बांधणार. मरणोत्तर गंडा, असं आजवर कुणी केलेलं नाही. वर्तमानपत्रवाले येतायत."

मी पुढची उत्तरपत्रिका ओढली.

"आणि गूळ तेवढा तुमच्याकडचाच आणा हं. बाई दरवर्षी आणायच्या तो. त्याची चव वेगळीच."

फोन ठेवून मी हातातल्या पानावर पाचपैकी पाच गुण दिले. नंतर लक्षात आलं, त्या पानावर उत्तरच नव्हतं.

गंडा म्हणजे साधा लाल दोरा. गुरू तो शिष्याच्या मनगटाला बांधतो, त्याच्या तोंडात चणे आणि गूळ घालतो, आणि त्या दिवसापासून शिष्य त्या घराण्याचा होतो. राजसचे वडील शरच्चंद्रबुवा यांनी सांगलीत आजवर एकतीस जणांना गंडा बांधला. त्यातल्या बऱ्याच समारंभांत चणे-गुळाचं ताट धरून माझी आई बाजूला उभी होती. गूळ आमच्या गुऱ्हाळातला, हंगामातली पहिली ढेप. तो ती आदल्या दिवशी फोडून, बारीक करून न्यायची. एकतीस तोंडं गोड झाली, त्यात तिचं नव्हतं.

व्हायोलिन मुळात माझ्यासाठी आलं होतं. वडील फौजेत होते. त्यांच्या पलटणीच्या बँडमधला एक वादक निवृत्त झाला, त्याच्याकडून त्यांनी ते घेतलं आणि अकरा वर्षांच्या माझ्या हातात दिलं. आठवड्यातून दोनदा आई मला आष्ट्याहून एसटीनं सांगलीला बुवांच्या घरी न्यायची. मी आत शिकायचे आणि ती बाहेर पायरीवर, चपलांशेजारी बसायची. सहा महिन्यांत मी कंटाळले. मी येत नाही म्हणाले त्या दिवशी ती एकटीच गेली आणि बुवांना म्हणाली, "पोरगी न्हाई म्हणतीया. मी शिकू का?"

ती तेव्हा अडतीस वर्षांची होती.

"बाई, या वयात बोटं वळत नाहीत," बुवा म्हणाले. "मुलीला समजावून पाठवा. तिला मी गंडाही बांधीन."

ही गोष्ट आई हसत सांगायची. बोटं वळत नाहीत हे सांगताना ती डावा हात वर करून बोटं नाचवून दाखवायची. लहानपणी मीही हसायचे.

त्यांनी तिला बसू दिलं, एवढं खरं. शिकवलं, हेही खरं. धारा काढून, स्वयंपाक उरकून ती दुपारी सोप्यात जमिनीवर बसायची. व्हायोलिनचं एक टोक छातीशी आणि दुसरं उजव्या घोट्यावर टेकवलेलं. त्या घोट्याला पुढं काळा घट्टा पडला. शेजारच्या बायका कुंपणावरून ओरडायच्या, "विजयमाला, मांजर सोड की गं आता." माझ्या मैत्रिणी यायच्या तेव्हा मी तिला वाजवू नको म्हणायचे. ती गज खाली ठेवून चहाचं आधण टाकायची. मला तिनं त्याचं कारण कधी विचारलं नाही. हे आठवलं की बुवांचा राग येतो त्याच्याइतकाच मला माझा येतो.

पंचेचाळिसाव्या वर्षी तिनं गंड्याचं विचारलं. पुढच्या गुरुपौर्णिमेला बघू, असं उत्तर मिळालं. दोन वर्षांनी पुन्हा विचारलं तेव्हा बुवा म्हणाले, "रोपाला आधार देतात, विजयमाला. खोडाला देत नाहीत." तिच्या मागून आलेल्या चौदा-पंधरा वर्षांच्या मुलांना त्यांनी दोरे बांधले. त्या मुलांच्या गाण्याला आणि वाजवण्याला साथ करायला तीच बसायची. तिनं पुन्हा विचारलं नाही. त्या वर्षीही ढेप गेली.

एकोणपन्नासाव्या वर्षी ती रेडिओची परीक्षा उत्तीर्ण झाली. चोपन्नाव्या वर्षी साताऱ्यात तिचं पहिलं स्वतंत्र वादन झालं. एका शाळेचा हॉल, चाळीस माणसं. एक तास दहा मिनिटं ती भीमपलास वाजवत होती आणि मी शेवटच्या रांगेत बसून पहिल्यांदा तिला ऐकत होते. घरात सोळा वर्षं ऐकू येत होतं, पण ऐकलं त्या दिवशी. ती बातमी बुवांना सांगायला गेली तर ते म्हणाले, "साताऱ्यात टाळ्या मिळतात. कान सांगलीत आहेत." पुढं वाई झालं, कऱ्हाड झालं, कोल्हापूर झालं. चौसष्टाव्या वर्षी धारवाडला, जिथं माणसं उगाच मान हलवत नाहीत, तिथं तिला पुन्हा वाजवायला लावलं. आष्ट्यात तिच्याकडं सात-आठ बायका शिकायला यायला लागल्या. सगळ्या पस्तिशीच्या पुढच्या.

आणि आता तिचं मनगट उरलं नव्हतं तेव्हा दोरा आला होता.

शनिवारी मी आष्ट्याला गेले. आप्पा, माझे वडील, सोप्यात बसले होते. त्यांच्यासमोर पोत्यात बांधलेली ढेप.

"त्या राजसाचा मलाबी फोन आलता," ते म्हणाले.

"म्हणून लगेच काढलीत?"

"काढलीया नुसती. न्यायची का न्हाई ते तू सांग." ढेपेवर हात ठेवून ते म्हणाले, "फौजेत मेल्यावर पदक देत्यात, ते समजतं. समोर दुश्मन असतो. हितं तुझ्या आईच्या समोर कोण हुतं?"

"हेच लोक होते, आप्पा."

"मग पदक कोण कुणाला द्यायलंय?"

"गूळ न्यायचा नाही," मी म्हणाले.

"बरं. आन व्हायोलिन?"

"ते नेते. बुवांच्या घरी आधी जाते. त्यांना समोर बसून सांगते की हे करू नका."

रविवारी नऊ वाजता आप्पांना सभागृहापाशी सोडून मी बुवांच्या घरी गेले. राजस तयारीसाठी आधीच निघून गेला होता. त्याच्या बायकोनं, ऋचानं, दार उघडून चहा दिला. बुवा आरामखुर्चीत होते, शहाऐंशी वर्षांचे, धुतलेल्या धोतरात, समारंभासाठी तयार.

"बुवा, गंडा बांधू नका," मी म्हणाले. "ती होती तेव्हा बांधला नाहीत. आता नको."

"बांधणार होतो," ते म्हणाले. "धारवाडहून ती आली तेव्हा मी बोलावून घेतलं होतं तिला. याच खोलीत. तिनं सांगितलं नाही तुला?"

नव्हतं सांगितलं.

"नको म्हणाली. म्हणाली, 'आवं गुरुजी, आता बांधला तर मागची सव्वीस वर्सं मी कुणाकडं शिकले म्हनायचं?'" बुवांनी तिची नक्कल केली नाही, शब्द मात्र तिचेच उच्चारले. ते त्यांना पाठ झाले असावेत. "मला राग आला. मी म्हटलं, मग दरवर्षी गूळ कशाला आणतेस? तर म्हणाली, 'गूळ शिकवल्याचा हाय. दोऱ्याचा न्हाई.'"

ऋचा बशी घेऊन आत गेली.

"मग आज का?" मी विचारलं.

"राजस म्हणाला, राहून गेलंय ते करून टाका. मलाही वाटलं, माझे किती दिवस उरलेत."

"तिनं नको म्हटलं होतं, हे त्याला ठाऊक आहे?"

"ती घरातली गोष्ट आहे, संयोगिता."

"तिचं नाही म्हणणं घरातली गोष्ट. आणि तुमचं हो म्हणणं सभागृहात, वर्तमानपत्रवाल्यांसमोर."

त्यांनी डोळे मिटले. म्हातारी माणसं डोळे मिटतात तेव्हा आपण उठून जावं अशी अपेक्षा असते. मी उठले. जाताना म्हणाले, "मी व्हायोलिनची पेटी आणणार आहे. उघडणार नाही."

सभागृह भरलं होतं. आईच्या आष्ट्याच्या विद्यार्थिनी दुसऱ्या रांगेत बसल्या होत्या, मनुबाई मधोमध, नवी साडी नेसून. मंचामागच्या फलकावर आईचा फोटो आणि खाली 'ज्येष्ठ गंडाबंध शिष्या' असं छापलेलं. छापून आधीच झालं होतं. ताटात लाल दोरा, चणे आणि बाजारातला पिवळाधमक गूळ. तसा पिवळा गूळ आमच्याकडं कधी झाला नाही.

मला मंचावर बसवलं. व्हायोलिनची पेटी मांडीवर होती. राजस बोलायला उभा राहिला.

"विजयमालाबाई उशिरा आल्या," तो म्हणाला, "पण बाबांच्या पारखी नजरेनं पहिल्याच दिवशी ओळखलं, की ही बाई वेगळी आहे. त्यांनी वय पाहिलं नाही. घर पाहिलं नाही. फक्त सूर पाहिला."

दुसऱ्या रांगेत मनुबाईनं माझ्याकडं बघितलं. तिला सगळं ठाऊक होतं. आईनं तिलाही बोटं नाचवून दाखवली असणार.

बुवांना दोघांनी धरून उभं केलं. दोरा त्यांच्या हातात दिला. राजस माइकमध्ये हळू म्हणाला, "ताई, पेटी."

मी पेटीवरचे दोन्ही हात काढले नाहीत.

"ताई, लोक बघतायत."

"बघू देत," मी म्हणाले. "बुवा, सकाळचं तुम्ही सांगता की मी सांगू?"

माइक जवळ होता. ते सगळ्यांना ऐकू गेलं. बुवा दोरा हातात घेऊन तसेच उभे राहिले. मग मी माइक माझ्याकडं वळवला.

"शरच्चंद्रबुवांनी माझ्या आईला सव्वीस वर्षं गंडा बांधला नाही," मी म्हणाले. "तीन वर्षांपूर्वी त्यांनी तो देऊ केला आणि तिनं नाही म्हटलं. तिचं उत्तर बदलायचा अधिकार मला नाही. मंडळाला तर नाहीच."

एवढंच. आवाज चढला नाही, याचं मला घरी गेल्यावर नवल वाटलं.

राजसनं माइक घेतला. "भावनेचा क्षण आहे, आपण समजू शकतो," असं म्हणून त्यानं तबलजीला खूण केली. बुवांनी दोरा स्वतःच्या बोटाला गुंडाळला आणि ते खाली बसले. त्यांना लाज वाटली की ते दमले, मला सांगता येणार नाही. जाणून घ्यायचीही इच्छा नव्हती.

बाहेर आप्पा गाडीपाशी उभे होते. मी त्यांना आईचं गुळाविषयीचं वाक्य सांगितलं. त्यांनी गाडीची डिकी उघडली. आत पोत्यातली ढेप होती.

"नको म्हणाले होते मी, आप्पा."

"व्हय. पर आनली म्या." ते ढेपेकडं बघत म्हणाले. "शिकवलं का न्हाई त्यानं?"

"शिकवलं."

"मग ह्या वर्साचा द्याया पायजे. राग तुझा हाय, तो तू ठेव. गूळ तिचा हाय."

बुवांच्या घरी ऋचाशिवाय कुणी नव्हतं. मी दार वाजवलं नाही. पायरी फार अरुंद होती. तिच्यावर सहा महिने कुणी बसलं असेल, हे मला इतक्या वर्षांत कधी दिसलं नव्हतं. ढेप मावेना म्हणून चपलांचे दोन जोड बाजूला सारावे लागले.

"ताई, आत या ना," ऋचा खिडकीतून म्हणाली.

"नको," मी म्हणाले. "हा शेवटचा. बुवांना सांगा, शिकवल्याचा आहे."