हप्ता तेवढाच राहिला

चिखलीतल्या आमच्या शाळेत आठवी ते दहावीला गणित शिकवतात ते प्रसेनजित हिवाळे सर. सव्वा किलो वांग्याचे पैसे भाजीवाल्याने सांगायच्या आत यांच्या ओठावर आकडा तयार. स्टाफरूममध्ये चहाचे पैसे वाटून घ्यायचे असले की आम्ही सगळे त्यांच्याकडे बघायचो. मी भूगोल शिकवतो, त्यामुळे माझा आकड्यांशी संबंध पावसाच्या मिलिमीटरपुरता. तेव्हा आपल्या आयुष्यातलं सगळ्यात मोठं गणित या माणसाने सोडवलंच नाही, हे आम्हाला तीन वर्षं कळलं नाही, यात आमचा काही दोष नाही. आमचा दोष वेगळा आहे.

हिवाळे सर, त्यांची बायको सारिका आणि मुलगी अपेक्षा भगवंतरावांच्या दोन खोल्यांत साडेपाच हजार भाड्याने राहत होते. सारिकाताई एका खासगी दवाखान्यात नर्स. या दोन खोल्या मिळायच्या आधी ते नऊ दारं फिरले होते. दार उघडणारा आधी कौतुकाने म्हणायचा, "वा, शिक्षक का?" मग विचारायचा, "पूर्ण नाव काय?" आणि पूर्ण नाव ऐकलं की खोली नेमकी कालच कोणाला तरी देऊन झालेली असायची. चिखलीत खोल्या फार झपाट्याने जातात. भगवंतरावांनी आडनाव विचारलं नाही, फक्त पाण्याची मोटर रोज कोण चालू करेल ते विचारलं. एवढ्यावर हिवाळे सर त्यांना देवमाणूस म्हणायचे.

त्यामुळे स्वतःचं घर ही त्यांची हौस नव्हती. अपेक्षाला कधी कोणाच्या दारात उभं राहून पूर्ण नाव सांगावं लागू नये, एवढंच त्यांना हवं होतं. हे त्यांनी मला एकदाच सांगितलं. त्यावर मी शहाण्यासारखा म्हणालो, "सर, भाडं म्हणजे पाण्यात टाकलेला पैसा. तेवढ्यात हप्ता भरला तं घर आपलं होते." स्टाफरूममधल्या सगळ्यांनी माना डोलावल्या. साडेपाच हजारांत कोणत्या घराचा हप्ता बसतो, हे कोणीही विचारलं नाही. गणिताच्या सरांनीसुद्धा.

दोन हजार एकवीस साली मेहकर रोडला नवीन प्लॉटिंग झालं होतं. तिथलं एक रो-हाउस तीस लाखांना ठरलं. सारिकाताईंचे दागिने आणि दोघांची सगळी बचत मिळून सहा लाख उभे राहिले. उरलेले चोवीस लाख बँकेने दिले. बँकेनेही पूर्ण नाव विचारलं, पण फक्त फॉर्ममध्ये भरायला. सर भारावून गेले. वर शाखेत चहा मिळाला.

कर्जाचं काम पाहणारा अधिकारी हरिओम नावाचा तरुण होता. अतिशय नम्र. त्याने साठ-बासष्ट पानांचा गठ्ठा पुढे ठेवला आणि बोटाने दाखवत गेला, "इथं सर. इथं. आणि इथं." गठ्ठा अकरा मिनिटांत संपला. सरांनी एकच प्रश्न विचारला.

"हप्ता किती?"

"अठरा हजार सहाशे सात. वीस वर्षं."

"पुढं वाढणार तं नाही?"

"हप्ता नाही वाढत सर," हरिओम म्हणाला. "त्याची काळजी बँक घेते."

अठरा हजार सहाशे सातला दोनशे चाळीसने गुणायला सरांना सहा सेकंद लागले असते. चव्वेचाळीस लाख पासष्ट हजार आले असते. पण समोर चहा होता, पेढे होते, सारिकाताईंच्या डोळ्यांत पाणी होतं. अशा वेळी गुणाकार करणं बरं दिसत नाही.

हिशेबाची हौस त्यांनी फरशीवर भागवली. चिखलीतला दर फुटामागे अडीच रुपये जास्त वाटला म्हणून ते तीन वेळा खामगावला गेले, दुकानदाराशी घासाघीस केली आणि एकोणीसशे रुपये वाचवले. जाण्यायेण्यात आणि जेवणात हजारभर गेले. तरी नऊशे रुपये निव्वळ नफा, असं त्यांनी स्टाफरूममध्ये फळ्यावर मांडून दाखवलं. आम्ही टाळ्या वाजवल्या.

वास्तूत पाऊल टाकायच्या दिवशी बुद्धवंदना झाली, सगळ्यांना खीर मिळाली. दारावर पितळी पाटी होती, तिच्यावर पूर्ण नाव. भगवंतराव आले होते. ती पाटी बघून म्हणाले, "मोठं घेतलं मास्तर. बरं केलं." सर दिवसभर त्या पाटीवरची बोटांचे डाग रुमालाने पुसत होते.

पुढच्या वर्षी व्याजाचे दर चढायला लागले. सरांच्या फोनवर बँकेचे इंग्रजी मेसेज आले. पण त्याच फोनवर दिवसाला वीस मेसेज क्रेडिट कार्डाचे, साड्यांच्या सेलचे आणि लॉटरी लागल्याचे यायचे. बँकेचा खरा मेसेज त्या गर्दीत असा बेमालूम मिसळला होता की सरांनी तो लॉटरीबरोबरच पुसला. हप्ता तर दर महिन्याच्या पाच तारखेला तेवढाच कापला जात होता. अठरा हजार सहाशे सात. बँक शब्दाची पक्की होती.

चोवीस सालच्या फेब्रुवारीत आमचे लिपिक शालिग्राम यांनी आयकरासाठी सगळ्यांकडे कर्जाचे दाखले मागितले. दवाखाना बँकेजवळ, म्हणून सारिकाताईंनीच जाऊन दाखला आणला. संध्याकाळी त्या ओट्याशी उभ्या राहून तो वाचत होत्या. सर टेबलावर आठवीच्या घटक चाचणीचे पेपर तपासत होते. विषय चक्रवाढ व्याज.

"अहो," त्या म्हणाल्या, "हे छापायची चूक हाय का पाहा बरं."

"काय लिहेल हाय?"

"वर्षभरात भरलं सव्वादोन लाख. व्याज दोन लाख सहा हजार चारशे एकतीस. मुद्दल सोळा हजार आठशे त्रेपन्न."

"उलटं छापलं असंल."

"उलटं काऊन छापतीन? बेरीज तं बरोबर येते."

सरांनी कागद हातात घेतला. बेरीज बरोबर येत होती. त्या दिवशी बरोबर आलेली बेरीज बघून त्यांना पहिल्यांदा घाम फुटला.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर दोघं बँकेत गेले. हरिओमने खुर्च्या दिल्या, चहा सांगितला. नम्रपणा जराही कमी झाला नव्हता.

"सर, तुमचा दर सात टक्के होता. आता आठ पूर्णांक नऊ झाला. फ्लोटिंग हाय ना, बाजारासोबत बदलते."

"पण हप्ता तं तेवढाच हाय," सर म्हणाले.

"तेच तं. दर वाढला की हप्ता वाढवा लागते, नाही तं मुदत. हप्ता वाढवला की लोक येऊन भांडतात. मुदत वाढली की कोणाले तरास होत नाही. सिस्टीम आपोआप मुदत वाढवते."

सारिकाताईंनी विचारलं, "आता किती राहिले?"

त्याने स्क्रीन पाहिली. "तीनशे बेचाळीस."

"दिवस?"

"महिने, मॅडम."

सरांनी डोक्यात भागाकार केला. साडेअठ्ठावीस वर्षं. वीस वर्षांचं कर्ज घेतलं, पावणेतीन वर्षं एकही हप्ता न चुकवता फेडलं, आणि आता साडेअठ्ठावीस राहिलं होतं. आणखी काही वर्षं असंच नेमाने फेडलं असतं तर अपेक्षाची नातवंडंही फेडत बसली असती, असं त्यांना क्षणभर वाटलं. फेडून संपेल तेव्हा त्यांचं वय अडुसष्ट. निवृत्ती अठ्ठावन्नला.

"हे आमाले सांगतलं काऊन नाही?" सारिकाताई म्हणाल्या.

"मेसेज केला होता मॅडम. आणि पान सतरावर लिहेल हाय. सरांची सही हाय तिथं." हरिओमने आवाज थोडा खाली आणला. तो मुलगा वाईट नव्हता. "खरं सांगू का, सगळ्यांचं असंच हाय. तुमच्या शाळेतले बाराजण हायत आमच्याकडे. इचारायले आलेले तुमीच पहिले."

घरी येऊन सरांनी एका कोऱ्या उत्तरपत्रिकेवर सगळं मांडलं. आतापर्यंत भरले सहा लाख चौदा हजार. त्यातून कर्ज कमी झालं ब्याण्णव हजारांनी. शेवटपर्यंत असंच चाललं तर चोवीस लाखांचे भरायचे एकोणसत्तर लाख सत्त्याहत्तर हजार. त्यांनी तीनदा तपासलं. गणित सोपं होतं, आठवीच्या मुलाला आठ गुणांना घालता आलं असतं.

मग चार-पाच दिवस सरांनी चहाचे पैसेसुद्धा वाटून दिले नाहीत. आठवीच्या वर्गात एका मुलीने चक्रवाढ व्याजाचं उदाहरण विचारलं तर म्हणाले, "ते घरी करा." मला वाटलं, तब्येत बरी नसेल. मी विचारलं तर ते व्हरांड्यात उभे राहून हळूच म्हणाले, "सर, मी पोराईले गणित शिकवतो. मलेच आलं नाही. लाज वाटून राह्यली." मी म्हणालो, "घराची किंमत किती वाढली ते तरी पाहा." मला सल्ले द्यायची सवय लागली आहे. ते म्हणाले, "वाढली. पण मग विकून राहू कुठं? परत नऊ दारं?" मी नकाशाची गुंडाळी उचलली आणि तासावर गेलो.

मार्ग सारिकाताईंनी काढला. एका रविवारी त्यांनी उत्तरपत्रिकेची ती पानं पुढे ओढली.

"हे एकोणसत्तर लाख, हप्ता एवढाच ठेवला तं ना?"

"हाव."

"आणि वाढवला तं?"

सरांनी पान उलटून पाहिलं. हे त्यांनी मांडलंच नव्हतं. दुःख करताना माणूस एकच बाजू मांडतो.

"मांडा," त्या म्हणाल्या. "पंचवीस हजार धरून."

"साडेसहा हजार जास्तीचे आणायचे कुठून?"

"गाडी नाही घ्यायची."

गाडी घरासमोर उभी राहायची होती. अकरा हजार भरून बुकिंग झालं होतं, साडेआठ हजारांचा हप्ता ठरला होता. हेही माझंच: रो-हाउसला पोर्च आहे आणि पोर्चमध्ये स्कूटर बरी दिसत नाही, असं मी म्हणालो होतो. सरांनी खिडकीतून पोर्चमधल्या स्कूटरकडे पाहिलं. मग पेन उचललं.

त्यांनी अर्धा तास मांडलं. बँकेत नवीन ग्राहकांना साडेआठ टक्के दर चालू होता. जुन्या ग्राहकांना मात्र त्यांनी मागितला तरच मिळायचा, एक अर्ज आणि पाच हजार नऊशे रुपये भरून. म्हणजे जो तीन वर्षं इमानदारीने फेडतो त्याला महाग आणि कालच आलेल्याला स्वस्त. त्या दराने, पंचवीस हजारांच्या हप्त्याने, तीनशे बेचाळीस महिन्यांचे दीडशे होत होते. पुढे भरायचे त्रेसष्ट लाखांऐवजी साडेसदतीस. महिन्याला साडेसहा हजार जास्त, आणि शेवटी सव्वीस लाख कमी. सरांनी पेन खाली ठेवलं आणि कागद सारिकाताईंकडे सरकवला.

"बरोबर हाय ना?" त्यांनी विचारलं.

"बरोबर हाय," सर म्हणाले. "तीन वर्षांआधी इचारलं असतं तं अजून बरोबर राह्यलं असतं."

"तवा मी पेढे वाटून राह्यली होती," त्या म्हणाल्या, आणि दोघं कितीतरी दिवसांनी हसले.

सोमवारी अर्ज दिला. "मला हप्ता वाढवून द्या" असा अर्ज शाखेत याआधी आला नव्हता, त्यामुळे त्याचा फॉर्म सापडायला दोन आठवडे गेले. बुकिंगच्या अकरा हजारांतून दोन हजार कापून नऊ परत मिळाले. अपेक्षा दोन दिवस रुसली, मग स्कूटरवर बसून शिकवणीला जायला लागली. घर स्वस्तात पडलं असं नाही. मागचं पुढचं धरून चोवीस लाखांचे त्रेचाळीस-चव्वेचाळीस लाख जातीलच. फक्त सरांच्या वयाच्या बावन्नाव्या वर्षी ते संपेल, आणि निवृत्त होताना घर खरोखर त्यांचं असेल. तेही दर असेच राहिले तर, असं सर आता प्रत्येक वाक्याच्या शेवटी जोडतात.

त्यांनी एका शनिवारी स्टाफरूममध्ये हे सगळं फळ्यावर मांडून दाखवलं. म्हणाले, "आपापले कागद आणा, मी पाहून देतो." सगळ्यांनी फार स्तुती केली. एकजण म्हणाला, आपला हप्ता वाढला नाही त्या अर्थी आपलं ठीक असेल. दुसऱ्याला कागद कुठे ठेवला ते बायकोला विचारावं लागणार होतं. टाळ्या यावेळी वाजल्या नाहीत. माझा कागद कपाटात कुठे आहे ते मला पक्कं ठाऊक आहे, म्हणून तर मी ते कपाट उघडत नाही.

गेल्या महिन्यात हरिओमची बदली झाली. त्याच्या जागी आलेल्या नव्या साहेबाचा सरांना फोन आला. "सर, तुमचा रेकॉर्ड एकदम चांगला हाय. तुमाले पाच लाखांचं टॉप-अप, म्हणजे वाढीव कर्ज, मंजूर हाय. गाडी घ्या, घर सजवा. हप्ता फक्त चार हजार तीनशे."

सरांनी फोन सारिकाताईंकडे दिला.

"पाच लाखांचे एकूण किती भरा लागतीन?" त्यांनी विचारलं. "शेवटच्या महिन्यापर्यंत. आणि दर वाढला तं किती?"

पलीकडे कीबोर्डची टकटक ऐकू आली. मग साहेब म्हणाले, "मॅडम, इचारून सांगतो."

अजून त्यांचा फोन आलेला नाही.