कपाळाची चौकशी

ताराबाई खटला जिंकल्या. १९५९ साली वरच्या कोर्टाने न्यायाधिकरणाचा हुकूम रद्द केला आणि त्यांचे वकील, अकोल्याचे वामनराव, पेढ्यांचा पुडा घेऊन बडनेरा स्टेशनावर उतरले. पण हे वाचकांनी विसरून जावे. शिक्षण खाते विसरले, मग आपणच कशाला लक्षात ठेवायचे?

तेव्हा पहिल्यापासून.

भातकुलीकडच्या एका सरकारी कन्याशाळेत ताराबाई चौथीला शिकवत. नवरा बावन्न साली तापाने गेला. घरी त्या आणि सासू मनकर्णाबाई. सासू मळ्यातली वांगी आणि सांबार, म्हणजे कोथिंबीर, घेऊन बाजारात बसे. संक्रांतीला शाळेत हळदीकुंकू होई, आणि दरवर्षी हेडबाई कौशल्याबाई ताराबाईंना मोठ्या मायेने नकाशांच्या खोलीत नेऊन बसवत. दार लावून घ्या, धूळ येते, म्हणत. धूळ कोणती, ते दोघींना ठाऊक होते.

अठ्ठावन्नच्या संक्रांतीला चौथीतली शकुन तबक घेऊन थेट नकाशांच्या खोलीत शिरली. "बाई, तुमी राह्यल्या न," म्हणाली, त्यांच्या कपाळावर कुंकवाचे बोट टेकवले, हातावर तिळगूळ ठेवला आणि पळाली. ताराबाईंनी पुसायला पदर उचलला. तो तसाच हातात राहिला. दुसऱ्या दिवशी त्यांनी कुंकू आपल्या हाताने लावले.

मनकर्णाबाई भाकर थापता थापता रोज म्हणत, पुस माय ते, लोकं मले बाजारात बसू देनार नाहीत. ताराबाई रोज ऐकत आणि तशाच शाळेत जात.

खात्याने आरोप ठेवला तो कुंकवाचा नव्हे. खाते सुधारलेले होते. सेवापुस्तकात 'विधवा' आणि कपाळावर सौभाग्य, म्हणजे दोहोंतले एक खोटे, म्हणजे सरकारला खोटी माहिती पुरवली! न्यायाधिकरणाने बाईंना न बोलावताच हा गुन्हा शाबीत धरला आणि त्यांना बडतर्फ केले. वरच्या कोर्टाने विचारले, बाईंचे म्हणणे ऐकले काय? ऐकले नव्हते. हुकूम रद्द. पेढे त्याचेच.

मग खात्याने त्यांना कामावर न घेता ऐकून घ्यायचे ठरवले.

"कपाळावर काय आहे?" अमरावतीच्या कचेरीत साहेबांनी विचारले.

"कुंकू."

"कोणाच्या नावाचं?"

"माझ्या. इतवारा बाजारातून मीच आणलं."

कारकुनाने 'उत्तर उद्धट' असे लिहून घेतले. मग खात्याने आपली हुकमी साक्षीदार उभी केली: रोज पुस म्हणणारी सासू. साहेबांनी सोपाच प्रश्न टाकला, तुमची सून विधवा आहे ना?

मनकर्णाबाईंनी सुनेकडे पाहिले. हात आपोआप स्वतःच्या कपाळाकडे गेला. ते वीस वर्षे कोरडे होते.

"साहेब, मरन आलं ते माह्या पोराले. चौकशी हिची काहून करून राहिले तुमी?"

साक्षीदाराने उत्तर देण्याऐवजी प्रश्न विचारला, सबब साक्ष अग्राह्य, असे निकालात आले. बाकी हुकूम जुनाच. 'म्हणणे ऐकून घेण्यात आले' एवढी एक ओळ वाढली. त्या ओळीने घात केला. एकसष्ट साली वरच्या कोर्टाने पाहिले, रीत बिनचूक होती. अर्ज फेटाळला.

वामनरावांनी या खेपेला पेढे आणले नाहीत. त्यांनी समजावून सांगितले की, निर्णय चूक की बरोबर हे वरचे कोर्ट सहसा पाहत नाही, तो रीतीने घेतला का एवढेच पाहते.

"मंग चूक कोन पायते, वकीलसाहेब?" मनकर्णाबाईंनी विचारले.

"ते कोर्ट अजून उघडायचं आहे, मावशी."

खाते निर्दय मात्र नव्हते. कपाळ कोरडे ठेवण्याचे हमीपत्र दिल्यास पुन्हा कामावर घेऊ, असा निरोप आला. कौशल्याबाई कागद घेऊन स्वतः आल्या. सोबत पेनही होते. ताराबाईंनी कागद दोनदा वाचला. चौथीचा वर्ग, पाठ म्हणणाऱ्या पोरी, सगळे त्या एका सहीपलीकडे उभे होते. त्यांनी सासूकडे पाहिले.

मनकर्णाबाई सांबाराच्या जुड्या बांधत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "उद्यापासून माह्यासंग जुड्या बांध. मळा सही मांगत नाही."

ताराबाईंनी पेन घेतले, हमीपत्र उलटे केले आणि कोऱ्या बाजूवर अर्ज लिहिला:

"नऊ वर्षांपूर्वी, पतीच्या निधनाच्या दिवशी, माझे कपाळ सरकारजमा झाल्याचे चौकशीअंती समजले. सदर कपाळाची खात्यास यापुढे गरज नसल्यास ते मूळ मालकिणीस परत करण्यात यावे, व परत केल्याची पोच शाळेच्या नकाशांच्या खोलीत, मुलींना दिसेल अशा जागी लावण्यात यावी, ही विनंती."