हजारातला एक आकडा

मी कुलूप बोलतोय, व्हायोलिनच्या पेटीवरचं. किल्ली नाही मला. तीन चाकं आहेत, प्रत्येकावर शून्य ते नऊ. नेमका आकडा जुळला की उघडतो. फिरून फिरून पार दमलोय, म्हणून बेताबेतानं सांगतो.

दुकानात वर्षभर धूळ खात पडलो होतो. मग बाई आल्या. घरी व्हायोलिन शिकवायच्या. शिकायला येणारी मंडळी उगाच खुंट्या पिळतात म्हणून मला घेतलं, आकडा लावला आणि कुणाला म्हणून सांगितला नाही. वीस वर्षं त्यांचीच बोटं माझ्यावर फिरली.

गेल्या वर्षी बाई आजारी पडल्या. वाचा गेली, आकडाही डोक्यातून गेला. तेव्हापासून रोज सकाळी पेटीवर हात ठेवून त्या यजमानांकडे बघत बसायच्या. मला आकडा ठाऊक होता, पण त्यांना सांगणार कसा? फार वाईट वाटायचं हो.

सुताराला बोलावलं, तर तो म्हणाला, "कापतो, पण आतल्या वाद्याची हमी नाही."

मग यजमान सरसावले. गोदामात खोकी मोजण्यात हयात गेलेली, त्यामुळे माणूस बेरजेचा. "तीन चाकं, दहा-दहा आकडे. तीस वेळा फिरवलं की संपलं!" तीस वेळा फिरवलं आणि वर मलाच बोल लावले, "भंगार आहे नुसतं! कापूनच टाकू." घ्या!

लेक कपडे शिवते. ती म्हणाली, "बाबा, गळे तीन तऱ्हांचे, बाह्या चार तऱ्हांच्या. फ्रॉक किती तऱ्हांचे होतील?"

"सात."

"अहो, बारा! प्रत्येक गळ्याला चारही बाह्या लावता येतात ना? इथंही तसंच. पहिल्या चाकाच्या प्रत्येक आकड्याबरोबर दुसऱ्याचे दहा, झाले शंभर. त्या प्रत्येकाबरोबर तिसऱ्याचे दहा."

"हजार? अगं, जन्म जाईल!"

"एकाला चार सेकंद धरा. तास-सव्वातासाचं काम. बसा खाली."

शून्य-शून्य-शून्यपासून सुरुवात झाली. बापलेकीनं आळीपाळीनं फिरवलं. पाचशेपर्यंत यजमानांचा अंगठा लाल झाला, सातशेनंतर माझी चाकं कुरकुरायला लागली. बाई समोर बसून होत्या. आठ-एक-सहाला मी उघडलो.

बाईंनी व्हायोलिन उचललं. तारा सैल पडलेल्या. गज दोनदा हातातून निसटला. तिसऱ्यांदा एकच सूर निघाला, लांबलचक आणि चांगलाच बेसूर. यजमान ढसाढसा रडले.

नंतर यजमानांनी व्हायोलिन आत ठेवून पेटी मिटली आणि माझी चाकं फिरवायला घेतली. बाईंनी त्यांचा हात घट्ट धरला.

धरूनच ठेवा, बाई. मला आता लावू नका. माझे आकडे हजार, ते मोजून संपतात. तुमच्या हाती किती सकाळी उरल्यात, ते मला मोजता येत नाही.