रोजंदारीवरचा भाऊ

थोरला सुतार आणि धाकटा सुतार, एवढीच त्यांची ओळख. वडील गेल्यापासून एकाच पत्र्याखाली बावीस वर्षं दोघांनी रंधा मारला. थोरला मापं घ्यायचा, भाव ठरवायचा. करवतीचं यंत्र धाकट्याकडे. जे काही मिळेल त्याचे सरळ दोन वाटे. सख्ख्या भावांत कसला करार आणि कसली नोंदणी!

एका लॉजमालकाने अठ्ठेचाळीस खोल्यांची दारं, खिडक्या, कपाटं त्यांच्याकडून करवून घेतली. कामाची नुसती घिसाडघाई. त्या घाईतच धाकट्याची डाव्या हाताची दोन बोटं पात्याखाली गेली. आठव्या दिवशी हाताला पट्टी बांधून गडी पुन्हा यंत्रावर उभा. लॉज थाटात सुरू झाला आणि मालकाचं 'पुढच्या महिन्यात देतो' हे पालुपदही सुरू झालं. वर्षभर वाट पाहून थोरल्याने दावा लावला. धाकट्याचाही निम्मा वाटा आहे का, हे वकिलाने विचारलं नाही, यानेही सांगितलं नाही. दावा त्याच्या एकट्याच्या नावावर पडला.

लॉजमालकाचा वकील किडकिडीत, बोलायला मऊ. पैसे देणं नाही, असं तो एकदाही म्हणाला नाही. त्याने आधी हरकत घेतली की दाव्यावर कोर्ट फी कमी भरली आहे. त्यात अकरा महिने गेले. मग म्हणे लॉज नदीच्या पलीकडे, म्हणजे हे कोर्टच चुकीचं. फाइल पलीकडच्या कोर्टात पोचायला दीड वर्ष लागलं. तिथे त्याने जुनं बिल काढलं. खाली दोघा भावांच्या सह्या.

"ही भागीदारी आहे," तो म्हणाला. "नोंदणी नसलेल्या भागीदारीला येणं वसूल करायला दावा लावता येत नाही."

थोरल्याच्या वकिलाने बाहेर आल्यावर कपाळाला हात लावला. "आधी का नाही सांगितलंत?"

"आता नोंदणी करू की. परत दावा लावू."

"मुदत कधीच संपली. आता एकच वाट आहे. भाऊ भागीदार नव्हता, रोजंदारीवर होता, असं शपथेवर सांगायचं. आणि अडखळायचं नाही. अडखळलात की संपलं."

थोरल्याच्या जिवावर आलं होतं. दोन दिवस त्याने विषय टाळला. तिसऱ्या दिवशी पॉलिश करता करता मान वर न करता सांगून टाकलं. धाकटा हसला. "म्हण की दादा. कोर्टात म्हटल्याने मी काय परका होणार आहे?"

वकिलाने थोरल्याकडून तीन संध्याकाळी घोकून घेतलं. साक्षीच्या दिवशी धाकटा मागच्या बाकावर येऊन बसला. भाऊ एकटा पडू नये म्हणून.

"तुमचा भाऊ भागीदार होता?" किडकिडीत वकिलाने विचारलं.

"नाही. रोजंदारीवर होता."

"मग बिलावर त्याची सही?"

"हौस म्हणून. त्याला त्यातलं काही कळत नाही. सांगितलेलं काम करतो."

"उद्या त्याला काढून टाकू शकता?"

"हो."

वकिलाने आवाज आणखी मऊ केला. "याच कामात त्याची दोन बोटं गेली. मजूर होता, तर भरपाई दिलीत?"

हे काही घोकलेलं नव्हतं. मागे बाक करकरलं. थोरल्याने वळून पाहिलं नाही.

"नाही दिली."

"का?"

"चूक त्याची होती."

कुठेही न अडखळता तो बोलला. 

दोन महिन्यांनी न्यायाधीशबाईंनी निकाल वाचला. सह्या, कारखान्यावरच्या दोघांच्या नावांच्या पाटीचा फोटो, अर्ध्या-अर्ध्या वाट्यांच्या पावत्या पाहता ही भागीदारीच होती. दावा चालू शकत नाही. रक्कम येणं आहे की नाही, या प्रश्नात शिरण्याची गरज नाही. वाचायला पाच मिनिटंही लागली नाहीत. साडेपाच वर्षं या पायऱ्या झिजवल्या, आणि दारं बसवली होती का, एवढंसुद्धा कुणी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी धाकटा कारखान्याच्या दारातच उभा राहिला.

"आत ये की."

"सोमवारपासून मी फर्निचरच्या कंपनीत लागतोय, दादा. पगार महिन्याच्या महिन्याला."

"अरे, मी खोटं बोललो! तुला सांगूनच बोललो ना?"

"सांगितलं होतंस. रोजंदारीचं." धाकटा जमिनीकडे पाहत होता. "बोटांचं नव्हतं सांगितलंस. वाटलं, तिथे तरी थोडा थांबशील."

 अडखळायचं नाही असं वकिलानेच बजावलं होतं, हे थोरल्याला सांगावंसं वाटलं. पण ते सांगून तरी काय उरणार होतं? धाकट्याने आपली छिन्नी आणि हातोडी पिशवीत टाकली. यंत्राकडे बघितलंसुद्धा नाही.

जाताना वळून एवढंच म्हणाला, "वहिनींना सांग, येईन कधीतरी."

तो आला नाही. दार उभं करायला दोन माणसं लागतात, एकाने चौकट धरायची नि दुसऱ्याने बिजागरी ठोकायची. नवा माणूस ठेवायला थोरल्याचं मन धजेना. पुढे तो स्टुलं, फळ्या, खुर्च्यांचे मोडके पाय असली एकट्याला पेलतील तेवढीच कामं घेऊ लागला. कुणी दाराचं विचारलं, तर मान हलवून दुसऱ्या सुताराचा पत्ता द्यायचा.