हातगुण

आमची गाडी चालू करायला शेजारीण लागायची. हसू नका. आमच्या गल्लीतलं शेंबडं पोरगंसुद्धा सांगंल तुम्हाला, संघपालची पांढरी गाडी फक्त प्रेरणावहिनींच्या हातानं चालू होते म्हणून. संघपाल म्हणजे माझा नवरा. एरवी मी 'आमचे हे' म्हणते, पण ही गोष्ट सांगताना तोंडून नावच येतं, त्याला माझा इलाज नाय.

गाडी जुनी. बाईकवरून पडून संघपालचा पाय मोडला, डॉक्टरनं बाईक बंद केली, तेव्हा कन्नडच्या एका गुरुजींकडून ही घेतली. वाळूजला एका कंपनीत तो स्टोअर सांभाळतो, रोज गाडीनंच जातो. मीही वाळूजलाच, त्याच्या पुढच्या कंपनीत, गाड्यांचं वायरिंग बनवायच्या लाइनवर. वायर कापायची, टर्मिनल दाबायचं, कपलरात, म्हणजे प्लॅस्टिकच्या जोडात, बसवायचं, करंट जातोय का बघायचं, दिवसभर हेच. माझी बस त्याच्यानंतर येते. म्हणून सकाळचा सगळा तमाशा मला ओट्यासमोरच्या खिडकीतून फुकटात बघायला मिळायचा.

उन्हाळा लागला तशी चावी त्रास द्यायला लागली. चावी फिरवली की समोरचे दिवे लागायचे, पण स्टार्टर गप. पुन्हा फिरवा, पुन्हा फिरवा, मग कधीतरी घ्यायची. एका सकाळी तर काही केल्या घेईना. संघपालनं गाडीच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. प्रेरणा तिच्या दारात शिलाई मशीन पुसत बसली होती. आमच्या भिंतीला भिंत लागून तिचं घर. नवरा चाकणला कामाला, कधीमधी येतो, ही घरी ब्लाउज शिवते. ती उठून आली, मी बघू का भाऊजी, म्हणाली, आत बसली, चावी फिरवली आन गाडी चालू. तिला गाडी चालवता येत नाय, बरं का. सायकलसुद्धा नाय.

संघपाल बघतच राहिला. मग म्हणाला, "वहिनी, काय हातगुण हाय तुमचा."

हातगुण. आमच्याकडं हा शब्द असा कुणाच्याही अंगावर टाकत नाहीत. ज्या डॉक्टरच्या एका गोळीनं ताप उतरतो त्याला हातगुण असतो. माझ्या लग्नाला इतकी वर्षं झाली. पाय मोडून खाटेवर पडला तेव्हा ह्याच हातानं त्याला आंघोळ घातली, घास भरवले, पण हातगुण कधी त्याच्या तोंडून निघाला नाय. दुसऱ्या दिवशी मी म्हणलं, सरका, मी बघते. लायसन माझंबी हाय, ह्याच गाडीवर शिकले मी. फिरवली चावी, गाडी गप. तर हा काय म्हणावा? "राहू दे सुलेखा, तुझा हात जड हाय."

तिथनं पुढं रोजचंच झालं. संघपाल गाडीत बसायचा, आरशात बघून केस नीट करायचा, मग खिडकीतून हाक, "वहिनीऽ". ही 'वहिनी' अशी लांबवायचा की गल्लीच्या टोकापर्यंत जावी. प्रेरणा गळ्यात टेप अडकवून यायची, चावी फिरवायची, गाडी चालू व्हायची, दोघं हसायची. समोरचे कडुबाकाका पेपर वाचत बसलेले असायचे, तेबी हसायचे. पावसाळा सरता सरता कन्नडच्या बाजारातून सीताफळं आणली तर चांगली मोठ्या डोळ्यांची निवडून तिच्याकडं, गाडीची फी म्हणून. आमच्या वाट्याला पिचकी.

मला जळफळाट व्हायचा. सरळ सांगते, उगं शहाणपणा कशाला. प्रेरणा माझी मैत्रीण, तिनं शिवलेला ब्लाउज मला असा बसायचा की टाचणी लावायची गरज नाय. तरी मी तिला कापड द्यायचं बंद केलं. दुसरीकडं शिवून घेतला, तो बगलेत आवळायचा, हात वर करता येईना. तसाच घातला. ती विचारायची, ताई, रागावलात का. मी म्हणायची, छे, मला कशाचा राग, तुमचा हातगुण हाय, माझा हात जड हाय. आन घरात येऊन भांडी आदळायची.

संघपालला मी किती वेळा म्हणलं, गयासभाईकडं टाका गाडी. गयासभाई आमच्या चौकातला गाड्यांचा इलेक्ट्रिशियन. संघपालचं उत्तर ठरलेलं, जुन्या गाडीचं सामान मिळत नाय, आन चालतंय की आपलं. एकदा बसमधून उतरताना मीच गयासभाईला विचारलं, आमच्या गाडीच्या चावीमागच्या स्विचचं सामान खरंच मिळत नाय का. तो हसला.

"भाबी, सामान काहेकू होना? खोलके साफ करनेका, बस. मैं तो कबका बोल्या संघपालभाईकू. वो बोले, रहने दो, चल रहा है."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. गयासभाईकडून पॉलिश पेपरचा तुकडा आन बोटभर ग्रीस घेतलं, बारका पेचकस मागून घेतला आन घरी आले. संघपालला चकार शब्द बोलले नाय.

रविवारी त्याला कन्नडला मामेभावाच्या साखरपुड्याला जायचं होतं. प्रेरणा नेमकी त्या दिवशी माहेरी, संध्याकाळी येणार. तर हा गाडी ठेवून एसटीनं गेला. वहिनी नाहीत तर गाडी कोण चालू करणार, म्हणाला, अगदी सहज, मीठ संपलंय म्हणावं तसं. मी डोकं दुखतंय म्हणून घरी राहिले. डोकं खरंच दुखत होतं.

तो गेला तशी मी गाडीत जाऊन बसले. आधी उजव्या हातानं चावी फिरवली. गप. पुन्हा फिरवली. गप. मग डोळे मिटून प्रेरणा कशी बसते ते आठवलं. खिडकीतून इतक्यांदा बघितलेलं, चांगलं पाठ होतं मला. आन आठवलं की प्रेरणा डावरी हाय. कात्री डाव्या हातात, सुई डाव्या हातात. चावीचं भोक स्टेअरिंगच्या उजव्या अंगाला. म्हणजे डावा हात आडवा घालून, पुढं वाकून फिरवायची ती. मी तसाच डावा हात आडवा घातला, वाकले, फिरवली. अंगाचा भार चावीवर गेला, चावी जराशी आत दाबली गेली आन गाडी चालू झाली.

मी तशीच बसून राहिले. एवढाच का तो हातगुण? आत दाबून फिरवायची, इतकंच. हसू आलं आन मग डोळ्यात पाणीबी आलं, आन सगळ्यात जास्त संताप आला. एवढे दिवस रोज शेजारी उभं राहून त्याला हे दिसलं नसंल? का बघायचंच नव्हतं?

गाडी बंद केली. बॅटरीची एक वायर सोडवली, मग स्टेअरिंगखालचं प्लॅस्टिकचं झाकण काढलं. मागून कपलर ओढला, स्विचचे दोन स्क्रू फिरवले, स्विच हातात आला. ओट्यावर पेपर अंथरून त्याच्यावर हळूच उघडला, आतली स्प्रिंग उडून जाऊ नये म्हणून अंगठा दाबून. आत जुनं ग्रीस वाळून डिंकासारखं झालेलं आन तांब्याच्या पट्ट्या काळ्या पडलेल्या. स्टार्टरची पट्टी तर घासून इतकी खाली बसली होती की वरून दाब आल्याशिवाय तिला काही शिवतच नव्हतं. लाइनवर असा माल आला तर आम्ही खराब मालाच्या लाल डब्यात टाकतो. मी रॉकेलनं धुतला, पट्ट्या घासून लखलखीत केल्या, बसलेली पट्टी पेचकसाच्या टोकानं नखभर वर उचलली, नवं ग्रीस लावलं. जसा काढला तसा परत बसवला, बॅटरीची वायर जोडली.

उजव्या हातानं, सरळ बसून, चावी फिरवली. पहिल्या झटक्यात चालू. बंद केली, पुन्हा फिरवली, पुन्हा चालू. कडुबाकाकांनी पेपर खाली घेतला आन डोळे मोठे केले. मी त्यांना तोंडावर बोट ठेवून दाखवलं.

संघपाल आल्या आल्या सांगून टाकावं असं आधी वाटलं होतं. मग विचार केला, नाय. आता गाडी कुणाच्याबी हाताला चालू होते. सोमवारी सकाळी हा बसंल, चावी फिरवंल, गाडी घेईल, त्याला आश्चर्य वाटंल, मग मी पदराला हात पुसत बाहेर जाईन आन म्हणीन, जड हातानं केलंय. तो हसंल. प्रेरणाला मीच हाक मारून सांगीन. एवढंच पाहिजे होतं मला. त्याला गाडी चालू व्हायला पाहिजे, की वहिनी यायला पाहिजे, हे तरी मला कळंल.

संघपाल रात्री आला. मी भाकरी वाढली. नखांत काळं ग्रीस तसंच होतं, साबणानं निघालं नव्हतं. त्याच हातानं वाढलेलं तो जेवला, साखरपुड्यातल्या गमती सांगितल्या आन झोपला.

सकाळी मी खिडकीत उभी.  संघपाल डबा घेऊन गेला, गाडीत बसला. आरशात बघून केस नीट केले. चावी खिशातून काढली, लावली. 

त्यानं चावी फिरवलीच नाय. लावून सोडून दिली, कोपर खिडकीबाहेर काढलं आन हाक मारली, "वहिनीऽ, आलात का माहेराहून?"

मी गॅस बंद केला आन फाटकापाशी जाऊन उभी राहिले.

प्रेरणा आली. तो उतरून बाजूला झाला, ती बसली. डावा हात आडवा घालून चावी फिरवायला घेतली, तर पुरती फिरायच्या आधीच गाडी चालू झाली. ती थबकली. बंद केली. मग उजव्या हातानं, नुसती दोन बोटांनी, हळूच फिरवली. चालू. संघपाल टाळी वाजवून म्हणाला, बघा, एका दिवसाच्या खाड्यानं काही फरक नाय, हातगुण तो हातगुण. आन मागच्या सीटवर डबा ठेवायला वळला.

प्रेरणा उतरून सरळ माझ्याकडं आली. माझा हात हातात घेतला, बोटं उलटीपालटी केली, नखं बघितली. शिवणारी बाई, तिची नजर बारीक.

"ताई, हे तुमच्या हातचं काम हाय," ती हळूच म्हणाली. "लोण्यासारखी फिरली."

तिच्यावर मी किती दिवस जळत होते, आन तिला एका फिरकीत कळलं.  तेवढ्यात संघपाल परत ड्रायव्हरच्या दाराशी आला. गल्लीला ऐकू जाईल असं मी त्याला म्हणलं, "आधी चावी तर फिरवून बघायची."

त्याला समजलं नाय. प्रेरणाला समजलं. तिचा चेहरा उतरला. तिनं त्याला विचारलं, "म्हणजे भाऊजी, तुम्ही चावी न फिरवताच हाक मारली?" संघपाल काहीतरी पुटपुटला, सवय झाली, म्हणाला. प्रेरणानं गळ्यातला टेप काढून मुठीत गुंडाळला, घरात गेली आन दार लावून घेतलं. तिचं दार दिवसा कधी बंद नसतं. कडुबाकाकांनी पेपर तोंडासमोर धरला.

मी घरातून माझी पिशवी घेतली, कुलूप लावलं आन ड्रायव्हरच्या सीटवर जाऊन बसले. तो दार धरून उभाच होता. म्हणलं, तिकडनं बसा. मुकाट्यानं वळसा घालून आला आन बसला.

वाळूजचा रस्ता लागला. कंपन्यांच्या बस, बाईकवाल्यांची झुंबड, सगळ्यातून मी गाडी काढली, एकदाबी बंद पडली नाय. तो हात मांडीवर ठेवून बसला होता. माझे हात त्याच्या डोळ्यासमोर स्टेअरिंगवर होते, काळ्या नखांचे. मला वाटलं, आता म्हणंल. एवढा लांबचा रस्ता हाय, कधीतरी बघंल.

त्याच्या कंपनीचं गेट दिसायला लागलं तेव्हा त्यानं घसा खाकरला.

"गयासनं लई चांगलं काम केलं," तो म्हणाला. "कधी दिली होती त्याच्याकडं?"

मी ब्रेक दाबला. गाडी गेटासमोर उभी केली.

"उतरा," म्हणलं. "कंपनी आली तुमची."