लांब हातांची खुर्ची

मंगळवारी दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी मुलगी खोलीत आली, तेव्हा जेवणानंतरच्या फेरीसाठी तिने घातलेले बूट वडिलांच्या पायांत नव्हते. नाड्या सोडलेल्या, टाचा जुळवून बूट भिंतीशी ठेवलेले. दोन महिन्यांपूर्वी वडिलांचा उजवा हात लुळा पडला होता. वाकणे तर जमतच नव्हते. घरात तिसरे कोणी नव्हते.

"बाबा, बूट कोणी काढले?"

"मला काय ठाऊक? डोळा लागला होता. पण या घरात न सांगता काम झालं, हे पहिल्यांदाच."

बंगला पूर्वी कॉफीच्या मळ्याच्या गोऱ्या मॅनेजरचा. वेताची खुर्ची घरासोबतच आली होती. तिचे लाकडी हात बैठकीच्या पुढे हातभर आलेले. आजारपणापासून वडिलांना झोप लागे ती फक्त तिच्यात.

बुधवारीही बूट भिंतीशी. गुरुवारी वेत बदलायला सुतार आला.

"ताई, हे लांब हात पाय टाकायला," तो म्हणाला. "साहेब मळ्यातून आला की पाय वर. बूट ओढायला माणूस खाली, गुडघ्यांवर."

त्याने समोरची चटई सरकवली. दगडी फरशीत दोन खळगे होते, वाटीएवढे, गुळगुळीत.

"खुर्ची घेऊन जा," मुलगी म्हणाली.

"माझी झोप नेतेस होय गं? बूटच काढतो ना? चावत तर नाही."

"तुम्हाला काही झालं तर मी कुणाकडे बघायचं, बाबा?"

शुक्रवारी सकाळी खुर्ची टेम्पोतून गेली.

त्याच दुपारी मुलगी चहा घेऊन आली. पलंग रिकामा होता. वडील फरशीवर होते, दोन्ही गुडघे खळग्यांत, मान खाली. लुळा हात पुढे आलेला, बोटे नाडी सोडवावी तशी हलत होती. तिने बगलेत हात घालून ओढले. ते तसूभर हलले नाहीत.

"बाबा, उठा ना."

"साहेबांचा एक पाय राहिलाय," ते हळूच म्हणाले.

साडेचारला ते कलंडले. त्यांना काहीच आठवत नव्हते. डॉक्टरांनी तपासले, तेव्हा हात पुन्हा लुळा होता.

शनिवारी मुलीने त्यांना दुसऱ्या गावी आत्याकडे नेऊन सोडले. तिथे जमीन सपाट होती, खुर्च्या प्लास्टिकच्या होत्या.

रविवारी चार वाजून बारा मिनिटांनी आत्याचा फोन आला. ती कुजबुजत होती. तिचे यजमान बाहेरून येऊन नुकतेच बसले होते, आणि तिचा दादा त्यांच्या पायांशी गुडघे टेकून आहे, उठत नाही, असे ती म्हणाली.