कॅमेऱ्याकडे पाठ करणारं लुगडं

मित्रांनो, मी एक जुनं नऊवारी लुगडं आहे आणि मला आजवर एका पुरुषाशिवाय कोणीही नेसलेलं नाही. हसा. माझं आयुष्य त्यावरच चाललं.

रडकथा ऐकायला आला असाल, तर दुसरीकडे जा.

माझा जन्म १९६३ साली नागपुरात पाचपावलीला, एका कोष्ट्याच्या हातमागावर झाला. विणणारे रुपराव. अर्ध्यात हिरवं सूत संपलं. त्यांच्या पत्नी भागीरथाबाईंनी नवं सूत रंगवून वाळत घातलं, पण रुपरावांना तालमीला जायची घाई. त्यांनी ओलंच सूत मागावर घेतलं. ओलं सूत गडद दिसतं. रंग जुळला असं त्यांना वाटलं. वाळल्यावर ते फिकं पडलं, आणि मी अर्धं शेवाळी, अर्धं पोपटी झालं.

व्यापाऱ्यानं मला चिमटीत धरलं आणि परत टाकलं.

"आता याले कोन घेईन?" भागीरथाबाई म्हणाल्या.

"मी घेतो. नेसतो बी."

"लाज हाय का नाही?"

"होती वं. याच्यातच विणल्या गेली."

रुपराव खडी गंमतीत, म्हणजे आमच्याकडच्या तमाशात, सोंगाडे होते. खडी म्हणजे उभी. ना मंच, ना पडदा. मधे डफ वाजतो आणि लोक चारी बाजूंनी उभे राहतात. म्हणून सोंगाड्यानं फिरत राहायचं. जो पाठीमागे उभा आहे, त्यालाही विनोद तोंडावर मिळाला पाहिजे, हा रुपरावांचा कडक नियम.

मी त्यांच्या अंगावर पदराकडून पोपटी दिसायचं, खाली शेवाळी. त्यातून त्यांनी सोंग काढलं. पोपटी पदर डोक्यावर ओढला की सून, तो मागे टाकून शेवाळी ओचा खोचला की सासू. सून इकडे तोंड करून टोमणा मारायची. गर्रकन वळून सासू तिकडच्या लोकांना उत्तर द्यायची. एकच माणूस, एकच लुगडं, आणि दोघी कडाकडा भांडून राहिल्या. उमरेडपासून काटोलपर्यंत लोक विचारायचे, "सासू-सून येऊन राहिल्या का?"

एकदा सिनेमावाले आले. पडद्यावर फक्त माझा पदर दिसला, रुपराव दिसलेच नाहीत. मोहल्ला तो पदर पाहायला दोनदा गेला.

मग घरोघरी टीव्ही आला. माणसं बसून हसायला लागली. गंमतीला बोलावणी कमी झाली, आणि मी पेटीत गेलं. डांबराच्या गोळ्यांचा वास मला आवडत नाही. तक्रार एवढीच.

आणि एक दिवस टीव्हीवाल्यांनीच रुपरावांना बोलावलं. कार्यक्रम जमला तर दर महिन्याला काम. डफवाले धोंडबा वाटेत म्हणाले, "रुपराव, हे हातचं गेलं तं आपली गंमत संपली समज गा."

रुपरावांनाही ते ठाऊक होतं.

दिवे लागले. सून बोलली. रुपराव वळले.

"थांबा," निर्माते साहेब म्हणाले. "काका, पाठ करू नका. कॅमेरा इकडे आहे."

"मांगं हे पोट्टे उभे हायेत ना, साहेब."

"ते दिवे सांभाळणारे आहेत. प्रेक्षक नाहीत."

"हसून तं राहिले."

"सासूलाही कॅमेऱ्याकडे पाहूनच बोलू द्या."

"मंग सून कोनाशी भांडन? तुमच्या घरी सासू-सून रांगेत उभ्या राहून भांडतात का?"

साहेब हसले नाहीत. "शेवटचं सांगतो. पुन्हा पाठ केलीत, तर पुन्हा बोलावणं नाही."

डफ थांबला. रुपरावांनी माझा कासोटा घट्ट केला. त्यांच्या हाताला घाम आला होता, तो मला लागला. "बरं," ते म्हणाले.

सुनेचं बोलणं त्यांनी कॅमेऱ्याला दिलं. मागे झाडायला आलेल्या पार्वतीबाई खराट्यावर हात ठेवून उभ्या होत्या. सासू आता काय म्हणते, याची वाट पाहत.

रुपराव वळले. पूर्ण वळले. सासूचं उत्तर त्यांनी पार्वतीबाईंना तोंडावर दिलं, आणि ती बाई खाली बसून हसली.

कार्यक्रम लागला. काटछाट करूनही अर्धा वेळ पडद्यावर पाठच. म्हणजे मीच. मोहल्ल्यातले टीव्ही काळे-पांढरे होते. आयुष्यात पहिल्यांदा मी एकरंगी दिसलं. मला ते मुळीच आवडलं नाही.

बोलावणं पुन्हा आलं नाही.

दिवाळीनंतर उमरेडकडच्या एका गावी मंडई भरली. मंडई म्हणजे तिकडची जत्रा. "कोनी येत नाही आता," असं पुटपुटत धोंडबांनी डफ शेकून ताणला. रुपराव मला नेसून भर उन्हात उभे राहिले. माणसं यायला लागली. चारी बाजू भरल्या, तरी येतच राहिली.

गर्दीतून एक म्हातारा ओरडला, "टीव्हीवर पाठच दिसली गा तुही. तोंड पाह्यले आलो."

"कोनीकडं उभा हायेस?"

"मांगं."

"मंग तिथंच राय. पह्यली पाळी तुही."

आणि आम्ही वळलो.

मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, असं तुम्हाला सगळे सांगतात, आणि तुम्ही त्या घडी घालून पेटीत ठेवता. कसर घडीतच लागते. मला जपायचं असेल तर बाहेर काढा, नेसा, उन्हातान्हात न्या. उसवलं तर टाका घाला. फाटायचं तेव्हा मी फाटेनच. पण फाटेन ते माणसांत.